याचिका निष्फळ ठरते तेव्हा : शासनाची नंतरची कृती आणि न्यायालयीन पुनर्विलोकन

ज्या आदेशाविरुद्ध याचिका दाखल केली तो आदेशच सुनावणीपूर्वी मागे घेतला गेला किंवा त्याची मुदत संपली, तर न्यायालयाने निर्णय कशावर द्यावयाचा? अशी याचिका सामान्यतः निष्फळ, वकिलांच्या बोलीत 'इन्फ्रक्चुअस', म्हणून निकाली काढली जाते. न्यायालयाने केवळ तात्त्विक प्रश्नांत वेळ दवडू नये, ही त्यामागील भूमिका रास्त आहे. तथापि वादविषय नाहीसा करण्याची शक्ती बहुधा प्रतिवादीच्या, म्हणजे शासनाच्याच हाती असते. प्रस्तुत लेखात या अडचणीचा विचार केला आहे.

पुण्याच्या गोखले राज्यशास्त्र व अर्थशास्त्र संस्थेतील प्राध्यापक डॉ. डी. सी. वाधवा यांचे उदाहरण या दृष्टीने बोलके आहे. १९६७ ते १९८१ या काळात बिहारच्या राज्यपालांनी काढलेले २५६ अध्यादेश पुनःपुन्हा जारी करून १ ते १४ वर्षे जिवंत ठेवण्यात आले, असे त्यांनी संशोधनातून दाखवून दिले. त्यांनी व अन्य याचिकाकर्त्यांनी तीन अध्यादेशांना सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले. निकालापर्यंत त्यांपैकी वनोपज व विटा यांविषयीचे दोन अध्यादेश व्यपगत होऊन त्यांच्या जागी अधिनियम आले होते. इंटरमीजिएट शिक्षण परिषदेचा तिसरा मात्र अंमलात होता; त्याचे विधेयक अद्याप विधिमंडळापुढे प्रलंबित होते. याच धाग्यावर मूळ घटनात्मक प्रश्न तगला. डिसेंबर १९८६ मध्ये न्यायालयाने तो अध्यादेश घटनाबाह्य ठरविला आणि वाधवा यांना १०,००० रुपये खर्च देण्याचा आदेश दिला. विधेयक थोडे आधी संमत झाले असते तर?

बोम्मई खटल्यात (१९९४) असा धागाही उरला नव्हता. कर्नाटकात एप्रिल १९८९ मध्ये राष्ट्रपती राजवट लागू झाली आणि त्याच वर्षी निवडणुकाही झाल्या. उद्घोषणा अवैध ठरूनही जुनी विधानसभा परत येणे शक्य नव्हते. न्यायालयाने प्रश्नाचे उत्तर दिले, दाद मात्र देता आली नाही. म्हणूनच न्या. पी. बी. सावंत यांनी नमूद केले की, पुनर्विलोकन निष्फळ होऊ नये यासाठी योग्य प्रकरणी नव्या निवडणुकांना अंतरिम मनाई करता येईल. माझ्या मते या निकालाचा हा भाग पुरेसा वाचला जात नाही.

प्राध्यापकांच्या सेवाविषयक याचिकांतही हेच घडते. निलंबन मागे घेतले की मुख्य मागणी संपते. परंतु निलंबनकाळ कर्तव्यकाळ मानावयाचा का, वेतनातील फरक व सेवाज्येष्ठता यांचे काय, हे प्रश्न शिल्लक राहतात. त्यांबाबतची विनंती मूळ याचिकेत असेल तर ती सहसा निष्फळ ठरत नाही. जुन्या आदेशाच्या जागी नवा आदेश आला असल्यास याचिकेत दुरुस्ती मागावी, अथवा नव्याने दाद मागण्याची मुभा निकालपत्रात नोंदवून घ्यावी. ही विनंती याचिका निकाली निघण्यापूर्वीच करावी लागते, आणि निलंबन उठल्याच्या आनंदात नेमकी तीच राहून जाते.