गाणं लक्षात, सिनेमा विस्मरणात : 'मुंबईचा जावई' पुन्हा कसा सापडतो?

शिक्षक मित्रांनो आणि पालकहो, घरात किंवा वर्गात एकदा 'का रे दुरावा' हे गाणं लावा आणि विचारा, हे कुठल्या सिनेमातलं? आजी-आजोबा पुढची ओळ गुणगुणतील. कुणाला त्याच नावाची टीव्ही मालिका आठवेल. सिनेमाचं नाव मात्र फार थोडे सांगतील. तो आहे राजा ठाकूर यांचा 'मुंबईचा जावई', 1970 सालचा.

गदिमांचे शब्द आणि सुधीर फडक्यांचं संगीत रेडिओनं घरोघरी जिवंत ठेवलं. सिनेमाला ते भाग्य नव्हतं. तेव्हा मुंबई दूरदर्शनही नव्हतं, ते 1972 मध्ये आलं. त्याच वर्षी बासु चॅटर्जींनी हीच गोष्ट हिंदीत 'पिया का घर' म्हणून केली आणि पुढे नाव तिचंच राहिलं.

गोष्ट साधी आहे. नवी नवरी मुंबईच्या चाळीत येते, घर माणसांनी भरलेलं, नवरा-बायकोला दोन शब्द बोलायला कोपरा नाही. हे कळल्यावर 'दुरावा' हा शब्द वेगळाच ऐकू येतो की नाही?

इथे ऑनलाइन संग्रह कामाला येतो. 'आठवणीतली गाणी' या संकेतस्थळावर गाण्याखाली गीतकार, संगीतकार, गायक आणि चित्रपट यांची नोंद असते. चित्रपटाच्या नावावरून त्याच सिनेमातलं 'प्रथम तुज पाहता' सापडतं, मग सिनेमा शोधावासा वाटतो. म्हणजे प्रेक्षक आणते ती ही चार ओळींची नोंद. ती नसेल तर शोधणारा अडतो : जावई, जांवई, आणि रोमन लिपीत तर आणखी दोन-तीन प्रकार! आपल्या वेळणेश्वरात सिनेमा म्हणजे मोबाईल (तोही रेंज असेल तर), तेव्हा पहिल्या शोधात नाव आलं नाही की मुलं पुढे सरकतात.

पण कुणीतरी इंटरनेटवर चढवलेली प्रत म्हणजे जतन नव्हे. ती कापलेली असू शकते, उद्या काढलीही जाऊ शकते. मूळ फिल्म सांभाळण्यासाठी पुण्यात 1964 पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. तिथेही जानेवारी 2003 मध्ये जुन्या नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि 'प्रभात'च्या काळातल्या मूळ प्रती जळाल्या. नायट्रेट फिल्म भराभर पेट घेते.

आता हक्कांचं. आपल्या कायद्यात सिनेमाचा स्वामित्वहक्क प्रकाशनानंतर 60 वर्षं चालतो, म्हणजे 'मुंबईचा जावई' 2030 अखेरपर्यंत कुणाच्या तरी मालकीचा आहे. मात्र शाळेच्या उपक्रमात विद्यार्थी, शिक्षक आणि पालक एवढ्यांनाच सिनेमा दाखवायला कायद्याच्या कलम 52 मध्ये सवलत आहे. तेव्हा अधिकृत प्रत मिळवा आणि पालकसभेच्या दिवशी आजी-आजोबांनाही बोलवा. आधी मुलांना एवढंच काम द्या : घरातल्या मोठ्यांचं आवडतं एक प्रेमगीत विचारायचं, त्याचा सिनेमा, साल आणि दिग्दर्शक शोधायचा, आणि कुठली माहिती कुठेच मिळाली नाही तेही वहीत लिहायचं.