सातवे अक्षर : मांडीचे मोडलेले हाड आणि मेडिकल कोडिंगचा व्यवसाय

कापडाच्या गाठीवरचा मार्का चुकला की माल भलत्याच पेढीच्या गोदामात उतरतो, हे व्यापाऱ्याला सांगावे लागत नाही. २०१७ साली जीएसटी आल्यापासून तर आकड्यांचे महत्त्व आणखीच वाढले. चौरस मीटरला २०० ग्रॅमपर्यंतचे सुती कापड ५२०८ मध्ये जाते आणि त्याहून जड असेल तर ५२०९ मध्ये. ताग्यात काय आहे ते बिलावरचा आकडा सांगतो. अमेरिकेतील इस्पितळांचा कारभार असाच आकड्यांवर चालतो आणि हे आकडे लावण्याचे काम आज नवी मुंबई, पुणे, हैदराबाद, चेन्नई येथे बसून आपल्याकडची हजारो मुले-मुली करीत आहेत. या कामाला मेडिकल कोडिंग म्हणतात.

आमची पुतणी बी.यू.एम.एस. झाल्यावर दवाखाना थाटण्याऐवजी या कामात शिरली तेव्हा घरात बरीच कुरकुर झाली. "डॉक्टरकीचे शिक्षण घेऊन कारकुनी करायची का?" असे आम्हीच तिला विचारले होते. ती म्हणाली, "चाचा, एक कागद वाचून दाखवते, मग बोला." तो कागद मांडीचे हाड मोडलेल्या रुग्णाचा होता. नावगाव त्यावर नव्हते, शिकवणीसाठी केलेला तो नमुना होता. त्या एका कागदावरून हा धंदा आमच्या ध्यानात आला, म्हणून वाचकांनाही त्याच वाटेने नेतो.

डॉक्टर रुग्णाला तपासून जे लिहितो ते वाचून कोडर त्याचे संकेतांकात रूपांतर करतो. तो अंक विमा कंपनीकडे जातो आणि त्यावर पैसे मिळतात किंवा अडतात. रोगांची ही यादी मुळात जागतिक आरोग्य संघटनेची आहे. तिची दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली. अमेरिकेने तिच्यावर आपली वाढीव, फार बारीक अशी आवृत्ती रचली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केली. जागतिक संघटनेची अकरावी आवृत्ती २०२२ मध्ये अमलात आली असली तरी अमेरिकेचा कारभार अजून दहावीवरच आहे.

२०१५ पूर्वी काम सोपे होते. मांडीचे हाड अपघातात मोडले, उपचार झाले आणि आता रुग्ण फक्त तपासणीला येतो आहे, तर 'व्ही ५४.१५' एवढा एकच अंक लावायचा. पाय उजवा की डावा, हाड कुठे मोडले, जुळते आहे की नाही, यांपैकी काहीही त्या अंकातून कळत नसे. नव्या पद्धतीत हा अंक गेला. जखम बरी होताना घेतलेल्या काळजीसाठी झेड अक्षराचे वेगळे अंक आहेत खरे, पण इजेच्या बाबतीत ते वापरायचे नाहीत असा स्पष्ट नियम आहे. मूळ इजेचाच अंक पुन्हा लिहायचा आणि शेवटी सातव्या जागी एक अक्षर बदलायचे. सारी मेख या सातव्या अक्षरात आहे.

पुतणीच्या कागदावर अंक होता एस ७२.३५१ डी. त्याचा उलगडा असा. एस ७२ म्हणजे मांडीच्या हाडाचा अस्थिभंग. बिंदूनंतरचा ३ म्हणजे हाडाचा मधला दांडा. खुब्याकडचा भाग असता तर ०, १ किंवा २ आला असता आणि गुडघ्याकडचा असता तर ४. पुढचा ५ म्हणजे हाडाचे अनेक तुकडे झाले आहेत. त्यानंतरचा १ म्हणजे तुकडे जागेवरून सरकले आहेत आणि पाय उजवा आहे. डावा असता तर २. शेवटचा डी म्हणजे बंद अस्थिभंग, हाड नेहमीप्रमाणे जुळते आहे आणि रुग्ण पुढील देखभालीसाठी आला आहे.

काही अंक सहा जागा भरण्याआधीच संपतात. तेथे मधे एक्स लिहून जागा भरायची, उदाहरणार्थ एस ७२.२१ एक्स डी. सातवे अक्षर सातव्याच जागी बसले पाहिजे. नवशिके येथे हमखास चुकतात.

आता एकाच रुग्णाचा प्रवास पाहू. समजा ओहायो राज्यातील एक माणूस मोटारसायकलवरून पडला आणि मांडीच्या दांड्याचे तुकडे झाले, मात्र कातडी फाटली नाही. त्याच दिवशी शस्त्रक्रिया करून हाडात रॉड टाकला. तेव्हा सातवे अक्षर ए. पुस्तकात ए म्हणजे पहिली भेट असे लिहिलेले आहे आणि त्या शब्दानेच अनेकांना फसवले आहे. येथे भेटी मोजायच्या नाहीत, प्रत्यक्ष उपचार चालू आहे का ते पाहायचे. एका इस्पितळाच्या तातडीच्या विभागात पाय बांधला आणि दुसऱ्या दिवशी दुसऱ्या सर्जनने रॉड टाकला, तरी दोन्हीकडे ए हेच अक्षर. सहा आठवड्यांनी तोच माणूस एक्सरे काढायला आला, फिजिओथेरपीला गेला, तर डी. त्यासाठी डॉक्टर नवा असला तरी डीच, कारण उपचार होऊन गेला आहे आणि आता हाड जुळण्याची वाट पाहणे चालू आहे.

मांडीच्या दांड्याला जुळायला साधारण तीन ते सहा महिने लागतात. सगळ्यांचे हाड वेळापत्रक पाळत नाही. जुळणी उशिरा होत असेल तर जी, जुळलेच नाही तर के, वाकडे जुळले तर पी. आणि पुढे कायमचे लंगडणे मागे राहिले, त्याच्यासाठी रुग्ण आला, तर एस. हा शेवटचा एस आणि सुरुवातीचा एस यांचा आपसांत काही संबंध नाही, आम्ही तो लावायचा प्रयत्न केला होता. हाड कातडी फाडून बाहेर आले असेल तर अक्षरे पुन्हा वेगळी, आणि तेथे गस्टिलो आणि अँडरसन या दोन सर्जनांनी १९७६ मध्ये मांडलेली जखमेची प्रतवारी पाहावी लागते. नियमित जुळणीला मग डीऐवजी ई किंवा एफ येते.

येथे पैशाची बाजू येते. नऊ महिन्यांनी हाड जुळले नाही म्हणून त्या माणसावर पुन्हा शस्त्रक्रिया झाली आणि कोडरने सवयीने डी लिहिले, तर विमा कंपनी विचारणार, हाड नीट जुळत असताना शस्त्रक्रिया कशाला? बिल परत. उलट, नीट जुळणाऱ्या हाडाला के लावले तर रुग्ण आहे त्यापेक्षा आजारी दाखवला. सरकारी योजनेचे बिल असेल आणि हे जाणूनबुजून केले असेल तर तेथील कायद्याने तिप्पट नुकसानभरपाई वसूल होते. म्हणून कोडरने एक्सरे पाहून स्वतः ठरवायचे नसते. डॉक्टरने "जुळलेले नाही" असे लिहिले असेल तरच के. लिहिणे संदिग्ध असेल तर डॉक्टरला प्रश्न पाठवायचा. बी.यू.एम.एस. असो की एम.बी.बी.एस., त्या खुर्चीवर बसल्यावर आपले निदान खिशात ठेवावे लागते, असे पुतणी म्हणते.

सर्जनच्या बिलाची गंमत कापडवाल्याला लगेच कळेल. अमेरिकेच्या सरकारी विम्यात अशा शस्त्रक्रियेच्या दरातच पुढील ९० दिवसांच्या नेहमीच्या भेटी धरलेल्या असतात. त्या काळातील तपासणीला ९९०२४ हा बिनपैशाचा अंक लावून फक्त नोंद करायची. एक्सरेचे पैसे मात्र वेगळे लागतात.

आणखी एक फेर मोठा आहे. हाडे ठिसूळ झाल्याची नोंद असलेली वृद्ध बाई पलंगावरून उतरताना घसरली आणि मांडी मोडली. निरोगी हाड एवढ्याने मोडले नसते. मग एस ७२ लावायचेच नाही, एम ८० च्या गटात जायचे, कारण दोष पडण्याचा नाही, हाडाचा आहे.

आपल्या देशात विम्याच्या दाव्याचा जो भाग इस्पितळ भरते त्यातही रोगाच्या अंकाचा रकाना आहे. जागतिक संघटनेच्या मूळ यादीत ही सातवी अक्षरे नाहीत, त्यामुळे आपल्याकडे ही कसरत नाही.

या कामासाठी मोठी मान्यता सीपीसी परीक्षेला आहे. ती अमेरिकेतील एएपीसी ही संस्था घेते. १०० प्रश्न, चार तास, ७० टक्के गुण आणि पुस्तके उघडून लिहायची मुभा. अनुभव नसलेल्याच्या पदवीपुढे शिकाऊ असल्याचे एक ए लागते, ते अनुभव दाखवल्यावर निघते. शरीरशास्त्र येणाऱ्या बी.एस्सी., फार्मसी, नर्सिंग, युनानीच्या मुलांना हे जमते. आज संगणक स्वतः अंक सुचवू लागला आहे, त्यामुळे नुसते शोधून लिहिणाऱ्याची किंमत घटते आणि चूक पकडणाऱ्याची टिकते.

आमच्या मोहल्ल्यातील काही मुलांनी एका क्लासला नोकरीच्या हमीवर मोठी रक्कम भरली. तेथे त्यांना जुन्या पुस्तकातून व्ही ५४.१५ शिकवले गेले, तेही २०१५ उलटून बरीच वर्षे झाल्यावर. मुलाखतीत पहिल्याच प्रश्नाला ती अडली आणि फी परत मिळाली नाही. यादी दरवर्षी १ ऑक्टोबरला बदलते. क्लासमध्ये गेल्यावर प्रथम पुस्तक मागावे, त्यावरचे वर्ष वाचावे, आणि मांडीच्या हाडाचे सातवे अक्षर कसे ठरते ते शिकवणाऱ्याला विचारावे. "दुसऱ्या भेटीला डी" एवढेच उत्तर आले तर पाकीट खिशातच राहू द्यावे.