स्त्रीधन आणि विभक्त पत्नीचे दागिने

विवाहापूर्वी, विवाहप्रसंगी किंवा विवाहानंतर स्त्रीला माहेर, सासर व आप्तेष्टांकडून मिळालेल्या भेटींना स्त्रीधन म्हणतात. मंगळसूत्र, पाटल्या, तोडे, ठुशी, नथ हे दागिने त्यात मोडतात. हिंदू कायद्यानुसार स्त्रीधनावर पत्नीची एकटीची मालकी असते. दागिने सासरच्या कपाटात किंवा पतीच्या बँक लॉकरमध्ये असले, तरी ती मालकी बदलत नाही.

सासरी आलेले स्त्रीधन पती-पत्नींची संयुक्त मालमत्ता होते, हा विचार सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली ‘प्रतिभा राणी विरुद्ध सूरज कुमार’ या खटल्यात अमान्य केला. पती वा सासरच्यांकडे सोपवलेले स्त्रीधन ही ठेव असून, ती अप्रामाणिकपणे लाटणे हा फौजदारी विश्वासघात ठरतो. न्यायिक विभक्ततेनंतरही पत्नीचा हक्क टिकतो, हे याच न्यायालयाच्या २०१५ च्या निकालाने स्पष्ट झाले.

कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम, २००५ नुसार स्त्रीधन अडवून ठेवणे हा आर्थिक छळ असून, न्यायदंडाधिकारी ते परत करण्याचा आदेश देऊ शकतात. अर्ज पीडितेच्या वास्तव्याच्या ठिकाणी करता येतो. त्यामुळे सासर दूर असले, तरी नाशिकला माहेरी परतलेली स्त्री नाशिकमध्येच दाद मागू शकते. दागिने मिळाले होते व ते सासरी राहिले, हे दाखवावे लागत असल्याने सराफाच्या पावत्या, विवाहातील छायाचित्रे व साक्षीदार महत्त्वाचे ठरतात.