चाळीस लाखांचं कर्ज, त्र्याऐंशी लाखांची परतफेड

घर घ्यायचं ठरलं की पहिला प्रश्न येतो, 'हप्ता किती बसेल?' सॅम्पल फ्लॅट दाखवणारा सेल्समन, बँकेचा प्रतिनिधी, आधीच घर घेतलेला मावसभाऊ, सगळेच हप्त्याच्या भाषेत बोलतात. पगार एवढा, हप्ता एवढा, म्हणजे जमेल. शेवटचा हप्ता भरून होईल तेव्हा तुमच्या खात्यातून एकूण किती रुपये गेलेले असतील, हे मात्र क्वचितच कोणी सांगतं.

एक साधं उदाहरण घेऊ आणि पुढे तेच वापरू. फ्लॅटची किंमत ५० लाख. त्यातले १० लाख तुमचे आणि ४० लाखांचं कर्ज. व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. महिन्याचा हप्ता बसतो ३४,७१३ रुपये. असे २४० हप्ते म्हणजे सुमारे ८३ लाख ३१ हजार रुपये. त्यातले ४३ लाख ३१ हजार निव्वळ व्याजाचे. म्हणजे कर्जापेक्षा व्याजच जास्त.

घाबरून जायचं कारण नाही. कर्जाशिवाय घर घेणं बहुतेकांना शक्य नसतं. शिवाय वीस वर्षांनंतरचे ३४ हजार आजच्याइतके जड वाटणार नाहीत, कारण पगार वाढतो आणि महागाईमुळे रुपयाची किंमत घटते. भाडंही वाचतं. पण व्याजाचा हा आकडा दगडावरची रेघ नाही. तो काही लाखांनी कमी करणं तुमच्या हातात असतं आणि त्यासाठी सर्वात मोलाची असतात ती कर्जाची पहिली काही वर्षं.

हप्त्याच्या पोटात काय असतं?

प्रत्येक हप्त्याचे दोन भाग असतात, व्याज आणि मुद्दल. उरलेल्या कर्जावरचं महिन्याचं व्याज आधी कापलं जातं आणि राहिलेली रक्कम मुद्दलात जमा होते. आपल्या उदाहरणात पहिल्या महिन्याचं व्याज आहे २८,३३३ रुपये. म्हणजे ३४,७१३ रुपये भरल्यावर कर्ज कमी होतं फक्त ६,३८० रुपयांनी.

पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलात, तर तोवर २० लाख ८२ हजार रुपये दिलेले असतात. तरीही कर्ज शिल्लक राहतं ३५ लाख २५ हजार. मुद्दल फिटलं ते पावणेपाच लाखांचं. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षं लागतात. निम्मं कर्ज फिटायला तर चौदा.

बँक इथे काही लपवत नाही, हे साधं अंकगणित आहे. पण ते माहीत नसल्यामुळे पाच-सहा वर्षांनी स्टेटमेंट पाहणाऱ्याला धक्का बसतो. कर्ज घेताना परतफेडीचं वेळापत्रक मागून घ्या. कोणत्या वर्षी किती व्याज आणि किती मुद्दल, हे त्यात ओळीने लिहिलेलं असतं.

मुदत वाढवली की हप्ता हलका, कर्ज जड

'हप्ता जड वाटतोय? मुदत वाढवून घ्या,' असा सल्ला सहज दिला जातो. त्याची किंमत पाहा. कर्ज तेच ४० लाख आणि दर तोच ८.५ टक्के.

• १५ वर्षं: हप्ता ३९,३९० रुपये, एकूण व्याज सुमारे ३१ लाख
• २० वर्षं: हप्ता ३४,७१३ रुपये, एकूण व्याज सुमारे ४३ लाख
• २५ वर्षं: हप्ता ३२,२०९ रुपये, एकूण व्याज सुमारे ५६ लाख ६० हजार
• ३० वर्षं: हप्ता ३०,७५७ रुपये, एकूण व्याज सुमारे ७० लाख ७० हजार

वीसऐवजी तीस वर्षं घेतली तर महिन्याला चार हजारही वाचत नाहीत, पण व्याज २७ लाखांनी वाढतं. उलट वीसऐवजी पंधरा वर्षं घेतली तर महिन्याला ४,७०० रुपये जास्त भरून १२ लाख वाचतात.

मुदत ठरवताना स्वतःचं वयही मोजा. पस्तिसाव्या वर्षी तीस वर्षांचं कर्ज घेतलं तर ते पासष्टीपर्यंत चालेल. मुलांचं कॉलेज, आईवडिलांचं आजारपण आणि तुमची निवृत्ती हे सगळं त्याच काळात यायचं असतं.

दर बदलला की काय होतं?

बहुतेक गृहकर्जांचा दर बदलता असतो. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं रेपो दरासारख्या बाहेरच्या मापदंडाशी जोडलेली आहेत. रिझर्व्ह बँकेने रेपो दर बदलला की त्याचा परिणाम तीन महिन्यांच्या आत तुमच्या कर्जावर दिसायला हवा.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. समजा, कोणी २०२१ मध्ये ६.७५ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी ४० लाख घेतले होते. हप्ता होता ३०,४१५ रुपये. दीड वर्षाने दर ९.२५ टक्के झाला, तेव्हा शिल्लक होती साडेअडतीस लाख. तिचं महिन्याचं व्याजच सुमारे २९,६८० रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जमा होणार जेमतेम ७३५ रुपये. या गतीने कर्ज फिटायला आणखी चाळीस वर्षं लागतील.

दर वाढला की अनेकदा हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवली जायची. खात्यातून तेवढीच रक्कम कापली जात असल्यामुळे घरात कोणाच्या लक्षातही यायचं नाही. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर नियम केले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडण्याची संधी कर्जदाराला मिळाली पाहिजे. हप्त्यातून महिन्याचं व्याजही भागत नाही, अशी वेळ येऊ देता कामा नये. दर तिमाहीला आतापर्यंत फिटलेलं मुद्दल, भरलेलं व्याज, उरलेले हप्ते आणि चालू दर दाखवणारं स्टेटमेंट मिळालं पाहिजे. ते उघडून 'उरलेले हप्ते' हा आकडा नक्की बघा.

२०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने खाली आला. अशा वेळी बँकेने हप्ता कमी केला तरी झेपत असेल तर जुनाच हप्ता चालू ठेवायला सांगा. मुदत आपोआप कमी होईल.

किमतीत न धरलेले खर्च

फ्लॅटची किंमत ५० लाख असली तरी खिशातून त्याहून बरंच जास्त जातं.

मुद्रांक आणि नोंदणी शुल्क: राज्याराज्यांत हे दर वेगळे आहेत. मुंबई-पुण्यात मुद्रांक शुल्क साधारण सहा ते सात टक्के पडतं, म्हणजे ५० लाखांवर तीन ते साडेतीन लाख. महाराष्ट्रात घर महिलेच्या नावावर घेतलं तर एक टक्का सवलत आहे. तुम्ही इंदूर, बडोदा किंवा बेंगळुरूला असाल तर तिथले दर आधी विचारून घ्या. दहा लाखांपेक्षा महाग घरासाठी कर्जाची मर्यादा ठरवताना हे शुल्क घराच्या किमतीत धरलं जात नाही. त्यामुळे ही रक्कम स्वतःच उभी करावी लागते.

जीएसटी: बांधकाम चालू असलेल्या घरावर साधारणपणे ५ टक्के आणि परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसणाऱ्या घरावर १ टक्का. पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यानंतर विकलेल्या घरावर तो लागत नाही.

ताबा मिळण्याआधीचं व्याज: बांधकाम चालू असताना बँक टप्प्याटप्प्याने पैसे देते आणि तेवढ्यावर फक्त व्याज घेते. दोन वर्षांत सरासरी २० लाख उचललेले असतील तर ३ लाख ४० हजार रुपये व्याजात जातात आणि मुद्दल एका रुपयानेही घटत नाही. त्यात चालू घराचं भाडंही असतंच.

कर्जासोबतचा विमा: कमावती व्यक्ती गेली तर कर्ज कुटुंबावर पडू नये म्हणून विमा हवाच. पण एकरकमी प्रीमियम कर्जातच जोडला तर त्यावरही वीस वर्षं व्याज लागतं. एक लाखाचा प्रीमियम २ लाख ८ हजारांना पडतो. बँक सुचवेल तोच विमा घ्यायची सक्ती नसते. वेगळ्या टर्म पॉलिसीशी तुलना करून ठरवा.

यावर प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी, सोसायटीचा मेंटेनन्स, मालमत्ता कर आणि घरातलं फर्निचर येतंच. ताबा घेताना हातात काही शिल्लक नसेल तर हेच खर्च पर्सनल लोन किंवा क्रेडिट कार्डवर जातात आणि गृहकर्जापेक्षा कितीतरी महाग पडतात.

करसवलतीसाठी कर्ज नको

'व्याजावर टॅक्स वाचतो, मग लवकर कशाला फेडायचं?' असं अनेक जण म्हणतात. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीत मिळते. नव्या करप्रणालीत अशा घरासाठी ती मिळत नाही. तुम्ही कोणती प्रणाली निवडली आहे ते आधी पाहा. जुन्या प्रणालीतही, ३० टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर दोन लाख व्याजावर साधारण साठ हजारांचा कर वाचतो. उरलेले एक लाख चाळीस हजार तुमच्याच खिशातून जातात.

ओझं हलकं करण्याचे मार्ग

वर्षाला एक हप्ता जास्त: बोनस किंवा दिवाळीच्या पैशांतून दरवर्षी फक्त एक जादा हप्ता भरा. वीस वर्षांचं कर्ज सुमारे पावणेसतरा वर्षांत फिटतं आणि सव्वाआठ लाखांच्या आसपास व्याज वाचतं.

पगारवाढीबरोबर हप्ताही वाढवा: दरवर्षी हप्ता ५ टक्के वाढवला, तर हेच कर्ज सव्वाबारा वर्षांत संपतं आणि साडेपंधरा लाख वाचतात.

मोठी रक्कम लवकर भरा: दुसऱ्या वर्षाअखेर दोन लाख भरले तर पुढचे २४ हप्ते वाचतात. तेच दोन लाख बाराव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात ११. म्हणून पहिली वर्षं मोलाची.

अर्जात स्पष्ट लिहा: जादा रक्कम भरल्यावर हप्ता कमी करायचा की मुदत, असं विचारलं जातं. व्याज वाचवायचं असेल तर 'हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी' असं लेखी द्या. वैयक्तिक कर्जदाराच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँकांना २०१२ पासून आकारता येत नाही. स्थिर दराचं कर्ज असेल तर करार वाचून घ्या.

दर कमी करून मागा: तुमची बँक नव्या ग्राहकांना कमी दर देत असेल तर आधी तिथेच विचारा. अनेकदा थोडं शुल्क भरून दर कमी होतो. नाहीच जमलं तर दुसऱ्या बँकेत कर्ज हलवता येतं. पाच वर्षांनी दर अर्ध्या टक्क्याने कमी झाला तर उरलेल्या पंधरा वर्षांत पावणेदोन लाखांहून जास्त वाचू शकतात. त्यातून हलवण्याचा सगळा खर्च वजा करून बघा. शेवटच्या चार-पाच वर्षांत ही धावपळ सहसा परवडत नाही.

एक सावधगिरी मात्र हवी. सगळी बचत कर्जात घालून मोकळे होऊ नका. भरलेले पैसे अडचणीच्या वेळी सहजासहजी परत काढता येत नाहीत. निदान सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला असू द्या, आरोग्य विमा चालू असू द्या आणि क्रेडिट कार्डची किंवा पर्सनल लोनची थकबाकी आधी फेडा. मग गृहकर्जाकडे वळा.

सही करण्याआधी हे विचारा

१. सगळे हप्ते मिळून मी एकूण किती रक्कम भरणार आहे?
२. शुल्कं धरून वार्षिक खर्चाचा खरा दर किती? १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत मुख्य तथ्यांचं पत्रक देणं बंधनकारक आहे. हा दर त्यात असतो.
३. दर कोणत्या मापदंडाशी जोडलेला आहे आणि त्यावर बँकेचे स्वतःचे किती टक्के आहेत?
४. दर दोन टक्क्यांनी वाढला तर हप्ता किती होईल? तो आम्हाला झेपेल का?
५. विम्याचा प्रीमियम कर्जात जोडला आहे का?

हे प्रश्न नवरा-बायको दोघांनी मिळून विचारा, कारण सहकर्जदार म्हणून सही दोघांची असते आणि जबाबदारीही दोघांची. हप्ता चालू झाल्यावर वर्षातून एकदा, बोनस हातात आला की, एकत्र बसून शिल्लक मुद्दल पाहा आणि त्या वर्षी जादा किती भरता येईल ते ठरवा.

आणि शेवटचा हप्ता भराल त्या दिवशी 'सुटलो' म्हणून विसरून जाऊ नका. बँकेकडून कर्ज फिटल्याचा दाखला घ्या आणि घरावरचा बोजा उतरवून घ्या. घराची मूळ कागदपत्रं तीस दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाईचा नियम आहे. कागदपत्रं तपासून कपाटात ठेवलीत की घर खऱ्या अर्थाने तुमचं झालं.