कपाटातलं कलादालन

आयरिस ॲपफेल ना फॅशन डिझायनर होत्या, ना सिनेतारका. नवऱ्याच्या जोडीने त्या कापडाचा व्यवसाय करायच्या. तरीही २००५ साली न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाने त्यांच्या कपड्यालत्त्यांचं आणि दागिन्यांचं प्रदर्शन भरवलं. तेव्हा त्या ८४ वर्षांच्या होत्या. नामांकित डिझायनरच्या झग्यावर जुन्या बाजारातल्या स्वस्त माळा त्या बिनदिक्कत घालायच्या. लोकांना भावली ती त्यांची निवड.

ही नजर आपल्या साड्यांच्या कपाटालाही लावता येते. आधी हातातली वस्तू नीट बघायला हवी. पैठणीचा पदर उलटा करून पाहा. हातमागावरच्या अस्सल पैठणीत मोर, मुनिया, असावली विणताना रंगीत धागे जागच्या जागी एकमेकांत अडकवतात. त्यामुळे मागे लोंबते धागे नसतात आणि उलटी बाजूही जवळपास सुलटीसारखीच दिसते. असा पदर नेसल्यावर भरतकामाचं पोलकं आणि गळाभर दागिने कशाला? कलादालनात चांगल्या चित्राभोवती भिंत मोकळी ठेवतात. इथे साधं एकरंगी पोलकं आणि एखादी ठुशी पुरे. इरकलीचंही तेच, तिचा लाल-पांढरा टोपपदर स्वतःच बोलतो.

संग्रहालयं सगळा संग्रह एकदम मांडत नाहीत. उजेडाने कापडाचा रंग उडतो, म्हणून वस्त्रांच्या दालनात प्रकाश मंद, साधारण ५० लक्सपर्यंतच ठेवतात आणि काही महिन्यांनी वस्त्रं पुन्हा आत विसाव्याला जातात. घरीही या मोसमात नेसायच्या मोजक्या साड्या हाताशी ठेवाव्यात, बाकीच्या धुतलेल्या मऊ सुती कापडात गुंडाळाव्यात. प्लॅस्टिकच्या पिशवीत दमटपणा कोंडतो. जरीची तार घडीवरच तुटते, म्हणून अधूनमधून घडी बदलावी. आणि धडधाकट पैठणी कापून पर्स नि जाकिटं शिवायचं खूळ मला अजिबात पटत नाही. विरलेल्या लुगड्याचे काठ वाचवणं वेगळं.

सगळ्यात जास्त हेळसांड होते ती नोंदीची. संग्रहालयात प्रत्येक वस्तूला क्रमांक असतो. ती कुठून आली, कोणाची होती, हे वहीत लिहिलेलं असतं. आपल्याकडे ही माहिती फक्त बायकांच्या आठवणीत असते आणि त्यांच्याबरोबरच जाते. घरात आजी, आत्या, मावशी असतील तर त्यांच्यासोबत बसून कपाट उघडा. कोणती साडी कुठल्या गावची, कोणाच्या लग्नातली, हे विचारा आणि चिठ्ठीवर लिहून त्या घडीशेजारी ठेवा.