पट्टा पडेपर्यंत

पाचवी आणि आठवीच्या वार्षिक परीक्षेत, फेरपरीक्षेनंतरही, नापास राहिलेल्या मुलाला त्याच वर्गात ठेवण्याची तरतूद महाराष्ट्राने २०२३ मध्ये आणली, तेव्हा शिस्त परतल्याचे समाधान अनेकांना वाटले. बीड जिल्ह्यातील मांजरसुंब्याच्या परिसरात मात्र शिस्त लावणारेच वर्षातील निम्मा काळ घरी नसतात. बालाघाटाच्या रांगेतील या चौकातून, कपिलधारच्या कार्तिकी यात्रेच्या आगेमागे, ऊसतोडीच्या टोळ्या कारखान्यांकडे निघतात. ‘कोयता’ या शब्दाने इथे हत्यार नव्हे, तर नवरा-बायकोची जोडी मोजली जाते आणि मुकादमाकडून घेतलेली उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, फिटेपर्यंत ती जोडी फडाशी बांधलेली असते.

मुलांना वळण कसे लावावे, या संदर्भात साने गुरुजींचे ‘श्यामची आई’ (१९३५) आणि १९२६ मध्ये गिजुभाई बधेका व ताराबाई मोडक यांनी उभारलेला नूतन बालशिक्षण संघ यांवर पुष्कळ लिहिले गेले आहे. येथे एवढेच नोंदवायचे की, कठोर माया असो वा छडीविना शिक्षण, दोन्ही विचारांनी मूल आईबापांच्या नजरेसमोर आहे, हे गृहीतच धरले.

या गृहीतकाची खरी कसोटी २०१० नंतरच्या दशकात लागली. १ एप्रिल २०१० पासून लागू झालेल्या शिक्षणहक्क कायद्याच्या कलम १७ ने शारीरिक शिक्षा व मानसिक छळ यांना बंदी केली, तर २०१२ आणि २०१५ च्या दुष्काळांनी स्थलांतराची निकड वाढवली. मुले गावातच राहावीत म्हणून चालवलेली हंगामी वसतिगृहे अनेक ठिकाणी जेवणापुरतीच उरली आणि रात्री मूल आजीच्याच गोधडीत शिरे. छडी गेली म्हणून पोरे बिघडली, हा त्या काळचा लाडका युक्तिवाद निदान या गावांपुरता लबाडीचा होता, कारण ज्या पोरांविषयी तो केला जाई, त्यांना रागावणारे कुणी जवळ नव्हते आणि लाड करणारी म्हातारी चुलीपुढेच थकलेली होती.

पट्टा पडला, म्हणजे गाळप संपले, की परतलेली आई अपराधी मनाने हात उगारत नसे, बाप मागेल ते आणून देई. धाक पुन्हा बसू लागेपर्यंत दसरा येई आणि नवी उचल घेतलेली असे. आता परीक्षेची शिस्त आली आहे, पण निकालपत्रावर पालक म्हणून उमटणारा अंगठा बहुधा आजीचाच असतो.