फर्नेस बंद, सिलिंडर भरलेला

2010 नंतरची चार-पाच वर्षं अमेरिकेतल्या नॉर्थ डकोटा राज्यातल्या विलिस्टन या गावाला उसंत नव्हती. बाकेन नावाच्या खडकाच्या थरातून तेल उपसण्याचं तंत्र जमलं होतं आणि 2008 च्या मंदीत नोकऱ्या गमावलेली माणसं देशभरातून तिकडे धाव घेत होती. जेमतेम पंधरा हजार वस्तीच्या गावात एवढ्यांना खोल्या कुठून मिळणार? एखादी मिळालीच तर 2014 च्या सुमाराला तिचं भाडं न्यूयॉर्कच्या तोंडचं पाणी पळवील असं. मग अनेकांनी घर सोबतच आणलं. कुणी पिकअपमागे ट्रेलर जोडून आला, कुणी जुनं मोटरहोम घेऊन. अमेरिकेत या सगळ्याला सरसकट आरव्ही म्हणतात. उन्हाळ्याच्या सुट्टीत तळ्याकाठी मुक्काम करण्यासाठी बनवलेली ही वाहनं उणे तीस अंशांच्या हिवाळ्यात, वाऱ्याला आडोसा नसलेल्या माळावर उभी राहिली.

त्या माळावर आलेला नवखा माणूस मोठ्या हीटरच्या शोधात निघायचा. एक हिवाळा काढलेला माणूस मात्र आधी करवत, प्लायवूड आणि फोमचे जाड तक्ते घेऊन कामाला लागायचा. ट्रेलरच्या खालच्या कडेपासून जमिनीपर्यंत चारही बाजूंनी तो भिंत उभारायचा. कुणी पेंढ्याचे गठ्ठे लावायचा, कुणी बर्फच फावड्याने ओढून रचायचा. याला तिथे स्कर्टिंग म्हणतात. पुलावरचा रस्ता इतर रस्त्याआधी गोठतो, कारण वारा त्याला वरून आणि खालूनही झोडपतो. चाकांवर उभ्या असलेल्या घराच्या तळाचंही तेच होतं. खालून वाहणारा वारा अडला की तिथली हवा स्थिर होते, जमिनीची थोडी ऊब तिच्यात टिकते. मग आतल्या माणसाचे पाय गारठत नाहीत आणि पाण्याचे पाइपही वाचतात.

आरव्हीत ऊब तयार करणं फारसं कठीण नाही. ती टिकवणं कठीण, आणि त्याहून कठीण म्हणजे ती योग्य ठिकाणी पोचवणं. खर्चाचं गणितही याच क्रमाने मांडावं लागतं.

उत्तर अमेरिकेतल्या बहुतेक आरव्ही इंडियाना राज्यातल्या एल्कहार्ट या शहराच्या परिसरात तयार होतात. वजन कमी ठेवायचं म्हणून भिंती बोटभर-दोन बोटं जाडीच्या, आत अ‍ॅल्युमिनियमचा किंवा लाकडाचा सांगाडा, मधल्या पोकळीत फोम किंवा ग्लासवूल, आणि खिडक्यांना बहुधा एकेरी काच. अ‍ॅल्युमिनियममधून उष्णता सहज वाहते. कडाक्याच्या पहाटे अशा ट्रेलरच्या बाहेरच्या अंगावर दव गोठून पांढरा थर बसतो, पण जिथे आत सांगाड्याच्या पट्ट्या असतात तिथे तो वितळतो. त्या वेळी गाडीच्या फासळ्या एक-एक करून मोजता येतात. रात्रभर पैसे कुठून बाहेर गेले याचा तो नकाशाच म्हणायचा. ‘फोर सीझन’ अशी अक्षरं बाहेर रंगवलेली असली तरी प्रत्येक कंपनीचा त्यामागचा अर्थ वेगळा असतो. घेणाऱ्याने भिंतीची जाडी, काच एकेरी की दुहेरी, आणि गाडीचं पोट खालून बंद आहे का, हे विचारलेलं बरं.

उष्णता किती वेगाने निसटते हे आतल्या आणि बाहेरच्या तापमानातल्या फरकावर ठरतं. बाहेर शून्य आणि आत 22 अंश असताना आतलं तापमान 17 वर आणलं, तर उष्णतेची गळती जवळजवळ एक-चतुर्थांशाने घटते. एक स्वेटर घातला की हे साधतं. अंथरुणात घालायची विजेची गादी शंभर वॅटच्या आसपास वीज घेते, तर साधा हीटर दीड हजार वॅट. झोपलेल्या माणसाला ऊब हवी असते, त्याच्या डोक्यावरच्या छताला नव्हे, हे कळलेले लोक रात्री थर्मोस्टॅट खाली आणतात. छतातल्या चौदा इंची चौकोनी झरोक्यात बसवायची फोमची उशी आणि खिडक्यांवर चिकटवायचे बबलचे पडदे यांचा खर्च एका सिलिंडरच्या आसपास जातो आणि ते अनेक हिवाळे पुरतात.

हीटरची पाळी यानंतर येते. बहुतेक आरव्हींमध्ये कारखान्यातूनच प्रोपेनवर चालणारी फर्नेस बसवलेली असते. 30,000 बीटीयूची फर्नेस म्हणजे सुमारे पावणेनऊ किलोवॅटचा जाळ. त्यातली साधारण तीन-चतुर्थांश उष्णता घरात येते, उरलेली धुराड्यातून बाहेर जाते. आरव्हीवरचा एक प्रचलित सिलिंडर 30 पौंडांचा, म्हणजे 13.6 किलोचा असतो. आपल्या स्वयंपाकघरातला 14.2 किलोचा, तेव्हा दोन्ही जवळपास सारखेच. पुण्या-नाशकात चौघांच्या घरात जो महिनाभर पुरतो, तेवढा गॅस ही फर्नेस सलग चालली तर एकवीस तासांत संपवते. विलिस्टनमध्ये शंभर पौंडांचे उंच सिलिंडर घराशेजारी उभे करण्याची पद्धत का पडली, हे या आकड्यावरून कळतं. मोठ्या सिलिंडरचा आणखी एक फायदा: प्रोपेन उणे 42 अंशांपर्यंत उकळत राहतो खरा, पण कडाक्यात त्याची वाफ होण्याचा वेग मंदावतो. लहान आणि अर्धा रिकामा सिलिंडर तेव्हा फर्नेसची भूक भागवू शकत नाही.

पण आरव्हीत राहणाऱ्यांना पहाटे तीन वाजता दगा देणारी गोष्ट बहुधा गॅस नसते. फर्नेस सुरू होताना काय होतं ते ऐकण्यासारखं आहे. थर्मोस्टॅटचा ‘टक्’ आवाज येतो. पंखा घरघरत सुरू होतो. त्याच्या वाऱ्याने आतली पत्र्याची एक चिमुकली झडप हलते आणि एक खटका दाबला जातो. हवा वाहते आहे, अशी ही ग्वाही. काही सेकंद पंखा आतला जुना गॅस झटकून टाकतो, मग गॅसचा व्हॉल्व्ह उघडतो, ठिणग्यांची टकटक होते आणि ‘भप्’ करून जाळ धरतो. हा पंखा 12 व्होल्टच्या बॅटरीवर चालतो आणि सात-आठ अँपिअर ओढतो. लांब रात्रीत फर्नेस निम्मा वेळ चालली तरी चाळीस-पन्नास अँपिअर-तास गेले. शंभर अँपिअर-तासाच्या साध्या लेड-अ‍ॅसिड बॅटरीतून निम्म्याहून अधिक वीज काढू नये म्हणतात, आणि थंडीत तिची ताकद आणखी कमी झालेली असते. व्होल्टेज उतरलं की पंखा रेंगाळतो, झडप पुरती उचलली जात नाही, खटका लागत नाही आणि सुरक्षेसाठी फर्नेस जाळ पेटवायचंच नाकारते. सिलिंडर भरलेला, पंखा कण्हतोय आणि आत बर्फाळ हवा. नवखा मालक अशा वेळी सिलिंडर बदलायला बाहेर पळतो. अनुभवी माणूस आधी बॅटरी पाहतो.

लिथियम बॅटरी घेतली की प्रश्न मिटला, असं विक्रेते सांगतात. निम्माच मिटतो. लिथियम आयर्न फॉस्फेटच्या बॅटरीतून थंडीत वीज काढता येते, पण तिचं तापमान शून्याखाली असताना ती चार्ज करू नये, नाहीतर आतले सेल कायमचे बिघडतात. तेव्हा ती गाडीच्या बाहेरच्या खणात न ठेवता आत ऊबेत हवी, किंवा स्वतःला तापवून घेणारी तरी हवी.

कॅम्पग्राउंडवर विजेची जोडणी मिळाली तर हिशोब पालटतो. मुक्कामाच्या दिवसाच्या भाड्यात वीज धरलेली असते, म्हणून माणसं गॅस वाचवून विजेचे हीटर लावतात. महिन्याच्या भाड्यावर राहणाऱ्याला मात्र मीटरप्रमाणे बिल येतं. 30 अँपिअरच्या जोडणीतून 3,600 वॅट मिळतात. दीड हजार वॅटचे दोन हीटर लावले की चहाची किटली सुरू करताच ब्रेकर पडलाच समजा. शिवाय दीड हजार वॅट म्हणजे 5,100 बीटीयू, फर्नेसच्या मानाने चिमूटभर. छतावरच्या एसीला उलट फिरवणारे जुन्या धाटणीचे हीट पंप निम्म्याहून कमी विजेत तेवढीच ऊब देतात, पण पारा चार-पाच अंशांच्या खाली गेला की तेही हात टेकतात. नवे इन्व्हर्टर पद्धतीचे मिनी-स्प्लिट हीट पंप शून्याखालीही काम करतात, आणि जे एका जागी मुक्काम ठोकतात ते आता ट्रेलरच्या मागच्या बंपरवर ते बसवून घेऊ लागले आहेत.

विजेच्या हीटरचा एक छुपा तोटा आहे आणि तो महागात पडतो. बंद पोटाच्या आरव्हीत फर्नेसच्या नळीची एक छोटी शाखा खाली, पाण्याच्या टाक्यांकडे जाते. फर्नेस चालली की तिथेही गरम हवा पोचते. हीटरने खोली उबदार झाली की थर्मोस्टॅट समाधानी, फर्नेस गप्प, आणि पायांखाली टाक्या आणि पाइप निवांत गोठत राहतात. वर माणूस शर्टाच्या बाह्या दुमडून बसलेला, खाली नळ फुटलेला. म्हणून कडाक्याच्या रात्री जाणते लोक हीटर मंद ठेवून फर्नेसला अधूनमधून चालू होऊ देतात. सांडपाण्याचा नळही तेव्हा उघडा ठेवत नाहीत. थेंब-थेंब पाण्याने बाहेरच्या पाइपात बर्फाचा बुंधा तयार होतो.

धोक्याचा भाग मात्र पैशांच्या हिशोबाबाहेरचा. सिलिंडरवर बसवून खोलीतच पेटवायचे, धुराडं नसलेले हीटर अमेरिकेत सर्रास मिळतात. एक किलो प्रोपेन जळला की सुमारे 1.6 किलो पाणी वाफेच्या रूपात तयार होतं आणि ते घरातच राहतं. पहाटे खिडक्यांवरून ओघळ, गादीखाली ओल, कपाटात बुरशी. त्यात ज्वलन नीट झालं नाही तर रंग नाही, वास नाही असा कार्बन मोनॉक्साइड. स्वयंपाकाची शेगडी पेटवून खोली तापवणं तर निव्वळ जीवावरचा खेळ आहे. धुराडं नसलेल्या हीटरमध्ये ऑक्सिजन घटल्यावर बंद पडणारी यंत्रणा असते, पण सुमारे सात हजार फुटांच्या वर विरळ हवेमुळे ती विनाकारणही हीटर विझवू शकते. ग्रँड कॅनियनचा दक्षिण काठ नेमका त्याच उंचीवर आहे. बे एरियातली मराठी कुटुंबं नाताळच्या सुट्टीत भाड्याची आरव्ही घेऊन तिकडे निघाली, तर सोबत असा हीटर न्यायचा मोह टाळून तिथल्या बारमाही चालणाऱ्या ‘ट्रेलर व्हिलेज’ या कॅम्पग्राउंडवर विजेच्या जोडणीची जागा आधीच राखून ठेवावी. खिडकी बोटभर उघडी आणि कार्बन मोनॉक्साइडचा अलार्म चालू, हे दोन्ही कुठल्याही हीटरसोबत हवंच. ऊब थोडी जाते, पण ओलही बाहेर पडते.

धुराड्याचा प्रश्न डिझेल हीटरने बराच सोडवला. एबरश्पेशर आणि वेबास्टो या जर्मन कंपन्यांनी ट्रकच्या केबिनसाठी बनवलेले हे हीटर बाहेरची हवा घेतात, धूर बाहेरच सोडतात आणि आत फक्त कोरडी गरम हवा फेकतात. दोन किलोवॅटचा हीटर पूर्ण ताकदीवर तासाला पाव लिटरच्या आसपास डिझेल पितो. पेटताना काही मिनिटं आठ-दहा अँपिअर लागतात, मग एक-दोन अँपिअरवर भागतं, त्यामुळे बॅटरीची रात्र सुखात जाते. चिनी बनावटीचे स्वस्त हीटर आल्यापासून व्हॅनमध्ये राहणाऱ्यांत यांचं पेवच फुटलं आहे. बसवताना धुराची नळी गाडीच्या तळातून नीट बाहेर काढणं आणि सांधे घट्ट करणं यात हयगय झाली, तर वरचे सगळे फायदे एका रात्रीत संपतात.

यातलं सगळ्यात स्वस्त उत्तर अमेरिकन पेन्शनरांनी कधीच शोधलं आहे: हीटरमध्ये जाळायचं इंधन गाडीत घालायचं आणि दक्षिणेला जायचं. अ‍ॅरिझोनातल्या क्वार्ट्‌झसाइट या वाळवंटी गावाभोवती सरकारी जमिनीवर 15 सप्टेंबर ते 15 एप्रिल असा लांब मुक्काम करता येतो, आणि हिवाळ्यात तिथे आरव्हींचं शहरच वसतं. दिवसा ऊन, रात्री झोंबरी थंडी. विजेची जोडणी नसल्याने तिथे पंखा नसलेले, ज्योत न दिसणारे कॅटॅलिटिक हीटर लोकप्रिय आहेत.

आपल्याकडेही महाराष्ट्र सरकारने 2021 मध्ये कॅरॅव्हॅन पर्यटनाचं धोरण आणलं. महाबळेश्वरच्या थंडीला एक जाड दुलई पुरते. पण इथून व्हॅन सजवून स्पिती किंवा लडाख गाठणाऱ्यांना विलिस्टनचे धडे कामाला येतील, थोडा फरक करून. आपल्या घरगुती गॅसमध्ये प्रोपेनसोबत ब्युटेनही असतो, आणि ब्युटेन शून्याच्या आसपासच वाफ व्हायचा थांबतो. लेहच्या जानेवारीत सिलिंडर हलवला की आत गॅस खळखळतो, शेगडी मात्र पेटत नाही. डिझेल हीटर तिथे अधिक भरवशाचा, पण साडेतीन हजार मीटरवर हवा विरळ, म्हणून इंधन तेवढ्याच प्रमाणात कमी केलं नाही तर आत काजळी धरून तो बंद पडतो. उंचीप्रमाणे पंप जुळवून घेणारा हीटर घ्यावा. आणि डिझेलही तिथलंच हवं. मैदानी भागातल्या डिझेलमध्ये कडाक्यात मेण गोठतं. इंडियन ऑइलने नोव्हेंबर 2019 मध्ये लडाखसाठी उणे 33 अंशांपर्यंत वाहतं राहणारं हिवाळी डिझेल आणलं. चंदीगडला टाकी काठोकाठ भरून निघण्यापेक्षा, वर पोचताना ती खाली आलेली असावी आणि तिथल्या पंपावर हे डिझेल भरून घ्यावं. गाडीचं इंजिन आणि हीटर, दोघांची टाकी बहुधा एकच असते.